लाट आणि फेर

रत्नागिरी शहराला लागूनच मिरजोळे गाव आहे. एकीकडे आंब्याची कलमे, तर दुसरीकडे औद्योगिक वसाहतीतील कारखाने, असे त्याचे दुहेरी रूप. रत्नागिरीच्या या परिसरात करमणूकही दुहेरी असावी, यात नवल नाही. गौरीगणपतीच्या दिवसांत अंगणात जाखडीचा फेर रंगतो, आणि त्याच घराच्या पडवीत कुणीतरी मोबाइलवर बोट सरकवीत बसलेला असतो.

बोट सरकवण्याची ही करमणूक फार जुनी नव्हे. टिकटॉकवर भारत सरकारने २०२० च्या जूनमध्ये बंदी घातली. पुढच्याच महिन्यात इन्स्टाग्रामने येथे ‘रील’ नावाची छोटी चित्रफीत आणली. प्रारंभी ती अवघी १५ सेकंदांची असे. पण तेवढ्याशा अवधीचे सामर्थ्य केवढे! २०२४ साली जळगाव जिल्ह्यातील संजू राठोड या तरुणाचे ‘गुलाबी साडी’ हे गाणे अशा चित्रफितींवरून देशभर गेले. कुणी लग्नमंडपात, कुणी घराच्या गच्चीवर त्या चालीवर ठेका धरला. खानदेशातला आवाज एकाएकी सर्वांच्या कानी पडावा, हे या साधनाचे मोठेच देणे म्हटले पाहिजे.

मात्र लाटेचा स्वभाव ओळखून असावे. बोट कोठे थबकले, कोणती चित्रफीत शेवटपर्यंत पाहिली, याची यंत्र नोंद ठेवते आणि तशीच दुसरी पुढ्यात आणून ठेवते. जी पुष्कळांना खिळवते, ती आणखी पुष्कळांकडे जाते. पाहणाऱ्याला वाटते, आपणच निवडले. प्रत्यक्षात त्याचे ताट आधीच वाढलेले असते! एक लाट ओसरते न ओसरते, तोच दुसरी येते. संध्याकाळ कधी सरली, हे कळतही नाही.

जाखडीची रीत निराळी. मध्यभागी गाणारे आणि वाजवणारे बसतात. भोवती पायांत चाळ बांधलेल्या नाचणाऱ्यांचे कडे फिरते. नवख्या मुलाचे पाऊल चुकले, तर शेजारचा त्याला सांभाळून घेतो. शक्ती आणि तुरा या दोन पक्षांचे सवालजवाब रंगतात, तेव्हा शाहिराला पुराणकथा मुखोद्गत असाव्या लागतात. हे १५ सेकंदांत साधत नाही.

तरीही या दोहोंत वैर आहे, असे मुळीच नाही. रजा न मिळालेला चाकरमानी मुंबईच्या खोलीत बसून गावची जाखडी मोबाइलवरच पाहतो आणि त्याचे डोळे भरून येतात. पण त्याचे डोळे भरतात, ते तो कधीकाळी त्या फेरात नाचलेला असतो म्हणून. ज्याने कधी फेर धरलाच नाही, त्याचे बोट त्याच चित्रफितीवरून सहज पुढे सरकते.