चारचौघांच्या नजरेत

जर्मन दिग्दर्शिका मारेन आडे हिच्या ‘आल्ले आंडरेन’मध्ये आल्याच्या गड्ड्याचा एक माणूस आहे. क्रिसनं तो केलाय, त्याला लाडाचं नावही आहे. सार्डिनिया बेटावर क्रिसच्या आईवडिलांच्या घरी तो आणि गिटी सुट्टीला आलेत. एरवी घुम्या असणारा क्रिस आईच्या खोलीत, तिनं हौसेनं मांडलेल्या शोभेच्या वस्तूंमध्ये, गिटीसमोर वेडावाकडा नाचतो. बाहेरच्या कुणी पाहिलं तर मेल्याहून मेल्यासारखं व्हावं, असा नाच. मला वाटतं, नात्यातला खरा ऐवज तोच. घर, हप्ते, सहली सगळ्यांच्याच असतात.

मग हान्स आणि साना भेटतात. हान्सही आर्किटेक्ट, पण क्रिससारखा रखडलेला नाही, नावारूपाला आलेला. साना गरोदर, नीटनेटकी. चारचौघांत शोभणारं जोडपं. हान्स क्रिसला कमी लेखतो तेव्हा गिटी ताडकन त्याला सुनावते. आणि क्रिस? तो तिच्याच बोलण्यानं ओशाळतो. तिथं माझ्या पोटात खड्डा पडला. जी आपली बाजू घेते तिचीच लाज वाटावी! पुढे गिटी चेहरा रंगवते, सानाला शोभेल असा ड्रेस घालते. त्याला आवडावं म्हणून स्वतःलाच पुसत जाते. आणि तो, आर्किटेक्चरच्या स्पर्धेत हुकल्याची बातमीसुद्धा तिच्यापासून दडवून बसलेला.

२००९ साली बर्लिनला या सिनेमाला ज्युरींचं रौप्य अस्वल मिळालं. गिटी झालेल्या बिर्गिट मिनिखमायरलाही अभिनयाचं मिळालं. सिनेमाच्या शेवटी गिटी निपचित पडते, मेल्यासारखी. क्रिस घाबरतो, तिला उचलून टेबलावर ठेवतो, पोटाला तोंड लावून फुर्र करतो. ती हसते. ते दोघं पुढे एकत्र राहतील की नाही, आडे सांगत नाही, आणि मला ते विचारावंसंही वाटत नाही.

२०१६च्या ‘टोनी एर्डमान’मध्ये आडेनं हेच दुखणं बाप-लेकीत नेलं. इनेस बुखारेस्टमध्ये सल्लागार कंपनीत राबते. बाप विग आणि खोटे दात लावून तिच्या ऑफिसच्या माणसांत घुसतो. क्रिस जे लपवतो, तेच हा म्हातारा मुद्दाम चव्हाट्यावर आणतो. इनेस चिडते, ओशाळते, त्याला झटकू पाहते. आणि एका परक्या कुटुंबात, त्याच्या कीबोर्डच्या साथीवर, घसा ताणून गाते. गाणं संपताच तडक निघूनही जाते. पण गायलेली असते, सगळ्यांसमोर.