माउंट एअरीचं देणं

काही माणसांचं आपल्यावर ऋण असतं आणि त्यांच्या ते गावीही नसतं. राल्फ एपरसन यांच्याशी माझी कधी ओळख झाली नाही. पण अमेरिकेतल्या नॉर्थ कॅरोलिना राज्यात, ब्लू रिज डोंगरांच्या पायथ्याच्या माउंट एअरी या छोट्या गावात मी रुळलो, तो त्यांनी उभ्या केलेल्या डब्ल्यूपीएक्यू या रेडिओ केंद्रामुळे.

मी इचलकरंजीचा, मागांच्या खडखडाटात वाढलेला. नव्वदच्या दशकात मोज्यांच्या गिरणीत यंत्रं सांभाळायच्या नोकरीवर तिथे गेलो. गाव ग्रॅनाइटच्या खाणीचं आणि होजिअरीचं. यंत्रांचं मला सगळं कळायचं, माणसांचं बोलणं मात्र कळायचं नाही. त्या डोंगरी हेलाला कान सरावला तो खात्यातल्या रेडिओने. काटा कायम एएम ७४० वर असायचा.

दुपारी निधनवार्ता सुरू झाल्या की शेजारच्या यंत्रावरच्या बाई हात पुसून आवाज वाढवायच्या. गेलेल्याचं नाव, वय, मागे कोण कोण आहे, अंत्यविधी कुठल्या चर्चमध्ये, किती वाजता. मग माझ्याकडे वळून सांगायच्या, "हनी, ह्यांचा भाऊ आपल्या रंगखात्यात आहे बरं का!" संध्याकाळी त्या भावाला भेटून दोन शब्द बोलावेत, एवढं मला त्यातून उमगलं. गावातली नाती मी अशी शिकलो.

एपरसन शेजारच्या व्हर्जिनियातल्या अरारटचे. दुसऱ्या महायुद्धाच्या काळात वॉशिंग्टनला नौदलाच्या संशोधन प्रयोगशाळेत ते रेडिओचं काम करत. एवढं शिकलेला माणूस मोठ्या शहरात सहज राहिला असता. ते परत आले आणि २ फेब्रुवारी १९४८ रोजी त्यांनी हे केंद्र सुरू केलं. दर शनिवारचा 'मेरी-गो-राउंड' हा थेट गाण्याबजावण्याचा कार्यक्रमही त्याच वर्षीचा. फिडल, बँजो, गिटार घेऊन आसपासचे शेतकरी आणि गिरणी कामगार यायचे आणि माइकसमोर उभे राहायचे.

त्या मुलखात वाजवणाऱ्यांना तोटा नव्हता. जवळच्या टोस्ट गावचे टॉमी जॅरेल राज्याच्या रस्तेखात्यात ग्रेडर चालवत. बापाकडून आलेलं त्यांचं फिडल ऐकायला दूरदूरची तरुण मुलं त्यांच्या घरी मुक्कामाला येत. १९८२ मध्ये त्यांना देशाचा लोककलेचा मोठा सन्मान मिळाला. अशा माणसांचं वाजवणं त्यांच्याच पंचक्रोशीत ऐकू जावं, ही एपरसन यांची धारणा होती.

ती धारणा टिकवणं सोपं नव्हतं. पन्नाशीच्या दशकात रॉक अँड रोल आलं. नॅशव्हिलच्या कंट्री गाण्यांतून फिडल-बँजो मागे पडले, गुळगुळीत वाद्यवृंद आला. कितीतरी केंद्रांनी खपणाऱ्या तबकड्यांची वाट धरली. डब्ल्यूपीएक्यूने ब्लूग्रास, जुनं डोंगरी संगीत आणि चर्चची भक्तिगीतं सोडली नाहीत. दिवे लागणीला आवाज क्षीण व्हायचा, त्याचंही कारण मला पुढे कळलं. रात्री एएमच्या लहरी आकाशातल्या थरावरून परावर्तित होऊन फार लांब जातात आणि ७४० वर टोरांटोचं मोठं केंद्र आहे. म्हणून दिवसा १०,००० वॅटने बोलणाऱ्या या केंद्राला अंधार पडल्यावर ताकद आवरावी लागते.

पुढे 'मेरी-गो-राउंड' गावातल्या १९३८ सालच्या अर्ल थिएटरमधून होऊ लागला. प्रक्षेपणाआधी सकाळी वादकांचं कोंडाळं जमतं. मी मागे उभा होतो. बँजो मांडीवर घेतलेल्या एका आजोबांनी पायाने खुर्ची ओढून शेजारी ठेवली आणि बसायची खूण केली. दोन चिजांच्या मध्ये तार जुळवता जुळवता त्यांनी विचारलं, "तुमच्या घरी कोण गातं?"

मी म्हटलं, आत्या गाते. जात्यावरच्या ओव्या. त्यांनी तितक्याच सहजपणे पुढचं विचारलं, "मग त्या कुणी टिपून ठेवल्यात का?"

त्या प्रश्नामागे पन्नास वर्षांची सवय होती. एपरसन यांनी सुरुवातीच्या वर्षांतल्या प्रक्षेपणांची ध्वनिमुद्रणं जपून ठेवली होती. पुढे राउंडर या कंपनीने त्यातली निवडक गाणी सीडीवर आणली. कॅमेऱ्यासमोर कधी न आलेल्या माणसांचे आवाज त्यामुळे आजही ऐकता येतात. शेजाऱ्याचं गाणं जपून ठेवण्याच्या योग्यतेचं असतं, हे त्या गावात कुणाला वेगळं सांगावं लागत नव्हतं. मला मात्र ते तिथे जाऊन कळलं. आत्याचं गाणं मी लहानपणापासून ऐकत होतो. ते घरचं म्हणून गृहीत धरलं होतं.

पुढच्या सुट्टीत टेपरेकॉर्डर घेऊन आत्याकडे गेलो. जातं कधीच अंगणात जाऊन पडलं होतं. पण हातात खुंटा असल्याशिवाय तिला ओव्या आठवेनात. भावांनी ते उचलून आत आणलं, धुतलं, खुंटा ठोकला. आत्याने पदर खोचला, मूठभर जोंधळे घातले आणि मग दुपारभर ती थांबली नाही. माहेरच्या, भावाच्या, विठ्ठलाच्या, आणि आम्ही कुणीच कधी न ऐकलेल्या, तिच्या गेलेल्या लेकीच्या.

राल्फ एपरसन २००६ साली गेले. आत्याही आता नाही. घरात हळद लागली की आमच्या लेकी-सुना तिच्याच आवाजातल्या ओव्या लावतात आणि मागोमाग म्हणतात. आत्याचा आवाज आमच्या घरात राहिला तो माउंट एअरीच्या त्या केंद्रामुळे. हे ऋण मी मानतो आणि माझ्या मुलांनीही मानावं म्हणून लिहून ठेवतो.