जुन्या दुखण्याची नोंद

ऐरोलीच्या एका कार्यालयात बसून ती अमेरिकेतल्या रुग्णांचे कागद वाचते. बी.एस्सी. झाल्यावर तिने एक कोर्स केला, परीक्षा दिली आणि मेडिकल कोडिंगच्या नोकरीला लागली. त्यालाही आता आठ वर्षे झाली. डॉक्टरांनी लिहिलेले वाचायचे आणि प्रत्येक आजाराला, प्रत्येक इजेला ठरलेला कोड द्यायचा, हे तिचे काम. त्या कोडवरूनच तिकडची विमा कंपनी बिल मंजूर करते किंवा परत पाठवते. सुरुवातीला सासूबाईंना हे काम काही केल्या समजत नसे. "म्हणजे तू डॉक्टर नाहीस, नर्स नाहीस, मग आहेस तरी कोण?" असे त्या विचारायच्या. शेवटी तिने सांगितले, "आई, मी दुखण्यांचे पिनकोड लिहिते." तेव्हापासून शेजारणींनाही त्या तसेच सांगतात.

या पिनकोडांचे पुस्तक चांगलेच जाडजूड आहे. जागतिक आरोग्य संघटनेने केलेल्या आजारांच्या वर्गीकरणाची दहावी आवृत्ती, म्हणजे आयसीडी-१०, हा त्याचा पाया. अमेरिकेने त्यात स्वतःची भर घातली आणि १ ऑक्टोबर २०१५ पासून ते तिकडच्या दवाखान्यांना लागू झाले. काय झाले याचे कोड त्यात आहेतच, पण कशामुळे झाले याचेही वेगळे कोड आहेत. कुत्रा चावला, शिडीवरून पडले, भाजले, प्रत्येकाला वेगळी जागा. रेल्वेगाडीत चढताना किंवा गाडीतून उतरताना इजा झाली, तर व्ही ८१.४.

इजेच्या कोडचे शेवटचे अक्षर मोठे बोलके असते. इजेवर मुख्य उपचार चालू असतील तर 'ए'. जखम भरत आली आहे, नुसते तपासायला बोलावले आहे, तर 'डी'. आणि मूळ जखम कधीच भरली, पण ती मागे काहीतरी ठेवून गेली आहे, तर 'एस्'. 'सिक्वेला' या शब्दाचे हे पहिले अक्षर. त्याचा अर्थ मागाहून येणारे, मागे राहिलेले. हे अक्षर सातव्या जागीच लिहायचे असते. म्हणून मधल्या रिकाम्या जागा भरायला दोन 'एक्स' घालतात आणि पुरा कोड होतो व्ही ८१.४ एक्स एक्स एस्. गाडीत चढताना किंवा उतरताना झालेल्या इजेचा मागे राहिलेला परिणाम, एवढा सगळा अर्थ त्या सात अक्षरांत.

इतक्या वर्षांत हा कोड तिच्या हाताखालून गेला नव्हता. अपघाताचे कारण लिहिण्याची सक्ती तिकडे सगळीकडे नाही, त्यामुळे तो रकाना पुष्कळदा मोकळाच राहतो. गेल्या वर्षी मात्र एक कागद आला. वयस्कर बाई, अनेक वर्षांपूर्वी गाडीत चढताना पाय चिरडलेला, आता चालताना सतत वेदना. तिने नियमाप्रमाणे आधी आजच्या वेदनेचा कोड लिहिला, मग मूळ इजेचा आणि शेवटी गाडीचा. शेवटच्या दोन्हींना 'एस्'. या 'एस्'ला मुदत नसते. इजा दहा वर्षांपूर्वीची असो नाहीतर तीस, आजचे दुखणे तिच्यातूनच आले आहे असे डॉक्टरांनी लिहिले, की झाले.

रुग्णाची माहिती कार्यालयाबाहेर न्यायची नसते, तिनेही ती नेली नाही. पण घरी आल्यावर स्वयंपाकघरात पोळ्या लाटणाऱ्या सासूबाईंच्या डाव्या पायाकडे तिचे लक्ष गेले. एरवी ते रोजच समोर असे, म्हणूनच दिसत नसे. उभ्या राहताना त्या सगळा भार उजव्या पायावर टाकतात. डाव्या पायाची दोन बोटे नाहीत आणि पाऊल जरा आत वळलेले आहे.

ते २००३ साली झाले. सासूबाई तेव्हा बेचाळीस वर्षांच्या होत्या आणि रोज लोकलने नोकरीला जात. त्या दिवशी मुलाची शाळेत परीक्षा होती, त्याचा डबा करून निघायला उशीर झाला. गाडी फलाटावर उभी होती. दाराचा दांडा हातात आला, एक पाय वर गेला आणि गाडी सुटली. दुसरा पाय फलाट आणि गाडीच्या मधल्या फटीत गेला. बायकांनी ओढून वर घेतले म्हणून जीव वाचला.

पाय बरा झाला, निदान घरच्यांच्या दृष्टीने. नोकरी मात्र सुटली. आणि घरात एक वाक्य कायमचे राहायला आले. पाय दुखला, बाजारात मागे पडल्या, लग्नाकार्यात खुर्ची मागितली, की सासरे म्हणायचे, "तुला घाई कशाला करायची होती?" त्यात राग नसायचा, सवय असायची. सासूबाईही मान हलवायच्या. बावीस वर्षांत आपली चूक नव्हती, असे त्यांना एकदाही वाटले नाही.

कपाटातली जुनी फाइल सुनेने त्या रात्री काढली. पहिल्या केसपेपरवर लिहिले होते, 'पडून डाव्या पायाला मार'. डिस्चार्ज कार्डावर बोटांच्या शस्त्रक्रियेची नोंद होती. गाडी कुठेच नव्हती, फलाट नव्हता. अलीकडच्या कागदांवर तर पायही नव्हता. 'उजवा गुडघा दुखतो, वय ६४', एवढेच. बावीस वर्षे सगळा भार ज्या गुडघ्याने सोसला, त्याचे दुखणे वयाच्या खात्यावर जमा झाले होते.

तिच्या कामात एक नियम पहिल्याच दिवशी शिकवतात. कागदावर नाही, ते झालेच नाही असे धरायचे. कोड देणाऱ्याने स्वतःच्या मनाने दोन गोष्टींचा संबंध जोडायचा नाही. तो डॉक्टरांनीच लिहायला हवा. हा नियम तिला नेहमी कोरडा वाटायचा. त्या रात्री तो तिला आपल्या घरात लागू झालेला दिसला.

पुढच्या तपासणीला ती सासूबाईंबरोबर गेली. हाडांच्या डॉक्टरांनी विचारले, "पायाला हे कधी झालं?" सासूबाई सवयीने म्हणाल्या, "माझ्याच घाईनं झालं हो." सुनेने हळूच म्हटले, "आई, कसं झालं ते सांगा." मग त्यांनी सांगितले. डॉक्टरांनी दोन्ही पाय तपासले, चालायला लावले आणि कागदावर लिहिले, की गाडीत चढताना झालेल्या जुन्या इजेमुळे चाल बदलली आणि त्यामुळे उजव्या गुडघ्यावर ताण आला. बुटात घालायची जाड गादी आणि व्यायाम दिले. गुडघ्याच्या गोळ्या तर आधीपासून चालूच होत्या. पायाकडे कुणी पाहिले नव्हते.

नुकसान एवढ्यावर थांबले नव्हते, हे समोरच्या इमारतीतल्या वकिलांकडून कळले. रेल्वे कायद्यात १९९४ साली एक कलम आले, १२४-अ. प्रवासी गाडीतून चुकून पडून जखमी झाला, तर रेल्वेची चूक असो वा नसो, भरपाई मिळते. आत्महत्येचा प्रयत्न, स्वतःहून करून घेतलेली इजा, गुन्हा, नशा किंवा आजारपण, अशी कारणे असली तरच ती नाकारता येते. गाडीत चढताना किंवा उतरताना झालेली इजाही यातच येते आणि केवळ निष्काळजीपणा म्हणजे स्वतःहून करून घेतलेली इजा नव्हे, असे सर्वोच्च न्यायालयाने २०१८ साली रीना देवी खटल्यात स्पष्ट केले. मृत्यू झाल्यास भरपाईची रक्कम २०१७ पासून आठ लाख आहे. इजेची रक्कम तिच्या स्वरूपाप्रमाणे ठरते.

पण रेल्वे दावे न्यायाधिकरणाकडे अर्ज एका वर्षाच्या आत करायचा असतो. उशिराचे सबळ कारण दाखवले तर मुभा मिळू शकते, पण बावीस वर्षांनी, केसपेपरवर गाडीचे नाव नसताना, कोणते कारण दाखवणार? सासूबाईंकडे तेव्हा महिन्याचा पास होता. तो कुठे गेला, हेही आता कुणाला आठवत नाही.

जागतिक संघटनेच्या मूळ आयसीडी-१० मध्ये तो 'एस्' नाही. तिथे मोटार अपघातांच्या मागे राहिलेल्या परिणामांना एक कोड आहे आणि बाकी सगळ्या वाहनांना मिळून दुसरा, वाय ८५.९. आगगाडी, बोट, विमान सगळे एकत्र. वर्षानंतर उरलेले लंगडणे कोणत्या गाडीचे, हे त्या आकड्यातून शोधून काढता येत नाही. म्हणून घरातल्या कागदांवर ते असायला हवे.

आता तिच्या इमारतीत कुणाचा अपघात झाला, की ती आधी चौकशी करायला जाते आणि मग चार गोष्टी सांगते. केसपेपरवर नुसते 'पडून' नको; कुठे, कशात चढताना, किती वाजता, हे डॉक्टरांना सांगून लिहून घ्या. स्टेशन मास्तरांकडची आणि लोहमार्ग पोलिसांकडची नोंद मागा. तिकीट किंवा पास जपून ठेवा. वर्षाची मुदत विसरू नका. आणि पाच वर्षांनी दुसरेच काही दुखू लागले, तरी डॉक्टरांना जुना अपघात सांगा.

डॉक्टरांचा तो नवा कागद सासऱ्यांनी चष्मा लावून दोनदा वाचला. काही बोलले नाहीत. जुन्या फाइलवर त्यांच्याच अक्षरात 'हिचा पाय' असे लिहिलेले होते. त्यांनी ते खोडले आणि खाली लिहिले, 'रेल्वे अपघात, डावा पाय, २००३'. मग तो कागद फाइलमध्ये सगळ्यांत वर लावला आणि दळण आणायला स्वतः निघाले.