पिंपातल्या नाण्यांनी तगवलेला संघ : हिरोशिमातील दोन संध्याकाळी

हिरोशिमाला कोणी खेळ बघायला जात नाही. आम्हीही त्यासाठी गेलो नव्हतो. आमचा भाचा तिकडच्या विद्यापीठात शिकतो. "मामा, मामीला घेऊन एकदा तरी या," असा त्याचा दोन वर्षांचा आग्रह होता. शेवटी कार्यालयातली साठलेली रजा आणि पतपेढीतून काढलेले थोडे कर्ज यांची मोट बांधून गेल्या उन्हाळ्यात आम्ही उभयता निघालो. ज्या शहरावर माणसाने माणसावर पहिला अणुबॉम्ब टाकला, ते शहर डोळ्यांनी पाहावे, एवढाच हेतू.

पहिल्याच सकाळी भाच्याने आम्हाला त्या प्रसिद्ध घुमटापाशी नेले. ६ ऑगस्ट १९४५, सकाळी सव्वाआठची वेळ. त्या वर्षाच्या अखेरपर्यंत सुमारे १ लाख ४० हजार माणसे मेली. उघड्या सांगाड्याचा तो घुमट तसाच ठेवला आहे. आमच्या सहचारिणी बराच वेळ काही बोलल्या नाहीत. मग भाच्याने रस्त्याच्या पलीकडे बोट दाखवले. तिथे आता मोठे मोकळे उद्यान आहे, २०२३ साली खुले झालेले. तो म्हणाला, "मामा, इथे पन्नास वर्षं बेसबॉलचं मैदान होतं. १९५७ पासून २०१० पर्यंत."

आम्हाला नवल वाटले. एवढ्या मरणाच्या शेजारी खेळ? तेव्हा त्याने आम्हाला 'कार्प'ची हकीकत सांगितली. ती वाचकांपर्यंत पोचवावी, यासाठीच हा लेखनप्रपंच.

कार्प म्हणजे आपल्याकडच्या रोहू-कटल्याच्या कुळातला मासा. हिरोशिमाच्या किल्ल्याला लोक 'कार्पचा किल्ला' म्हणत, त्यावरून संघाचे नाव पडले. १९४९ च्या अखेरीस संघ उभा राहिला आणि १९५० पासून खेळू लागला. जपानातले बहुतेक इतर संघ मोठमोठ्या वर्तमानपत्रांचे, रेल्वे कंपन्यांचे होते. कार्पच्या पाठीशी असा एकही धनवान मालक नव्हता. पहिल्या वर्षी संघ तळाला गेला. खेळाडूंचे पगार थकले. १९५१ च्या मार्च महिन्यात संघ बंद करून दुसऱ्या संघात विलीन करावा, इथपर्यंत गोष्ट आली.

तेव्हा संघाचे प्रशिक्षक शुइची इशिमोतो लोकांपुढे गेले. मैदानाच्या दाराशी लाकडी पिंपे ठेवली गेली. ही पिंपे तांदळाच्या दारूची. तिला तिकडे साके म्हणतात. दारूच्या पिंपाचा याहून चांगला उपयोग आम्ही तरी ऐकलेला नाही! ज्यांची घरे जळून सहा वर्षेही झाली नव्हती, त्या लोकांनी त्या पिंपांत नाणी आणि चुरगळलेल्या नोटा टाकल्या. ठिकठिकाणी पाठीराख्यांची मंडळे निघाली. संघ तगला.

वाचकहो, हे ऐकताना आमच्या मनात काय आले ते पुढे सांगू. आधी त्या संध्याकाळचे सांगतो.

त्या दिवशी शहरात सामना होता. ट्रामगाडीत आजोबांपासून नातवापर्यंत ज्याच्या त्याच्या डोक्यावर लाल टोपी. पण आम्हाला तिकिटे मिळाली नाहीत. हंगाम मार्चच्या अखेरीस सुरू होतो. त्याआधीच तिकिटांची विक्री सुरू होते आणि चांगल्या जागा भराभर संपतात. भाचा म्हणाला, "काही बिघडत नाही मामा. हिरोशिमात सामना बघण्याआधी ऐकायला शिकावं लागतं." आणि तो आम्हाला एका बोळातल्या खाणावळीत घेऊन गेला.

खाणावळ कसली, एका आजींचे आठ खुर्च्यांचे दुकान. समोर भलामोठा लोखंडी तवा. त्यावर त्या पातळ पिठाचे धिरडे घालतात, त्यावर ढीगभर चिरलेला कोबी, मग शेवयांसारख्या नूडल्स, वर अंडे. याला ओकोनोमियाकी म्हणतात आणि हिरोशिमाची ती खास ओळख आहे. फळीवर रेडिओ, त्याचा काटा १३५० किलोहर्ट्‌झवर. हे स्थानिक आरसीसी केंद्र. १९५२ साली रेडिओ चुगोकू या नावाने ते सुरू झाले. कार्पचे सामने ते घरच्या मैदानावरूनही ऐकवते आणि परगावाहूनही.

आम्हाला लहानपण आठवले. चाळीत एकच ट्रान्झिस्टर असायचा, खिडकीत ठेवलेला, आणि बाळ ज. पंडितांचे मराठी समालोचन ऐकायला जिन्यावर सगळी पोरे. ज्यांनी आयुष्यात स्टेडियमची पायरी चढली नाही, त्यांनाही त्या आवाजाने मैदान दाखवले. इथे भाषा परकी, पण रेडिओभोवतीची माणसे तीच.

भाच्याने कागदावर चार शब्द लिहून दिले. 'सुतोराइकु' म्हणजे स्ट्राइक, 'बोरु' म्हणजे बॉल, 'औतो' म्हणजे आउट आणि 'होमुरान' म्हणजे होमरन. सगळे इंग्रजी शब्द, फक्त जपानी जिभेवर बसलेले. मग आकडे : इचि, नि, सान. गुणसंख्या सांगताना मध्ये 'ताइ' येतो. 'सान ताइ नि' म्हणजे तीनास दोन. एवढ्या भांडवलावर अर्ध्या तासात आम्हाला खेळ कळू लागला.

नियम सोपे आहेत. क्रिकेट जाणणाऱ्याने घाबरू नये. चेंडू टप्पा न घेता येतो. फलंदाजाने मारायला हवा होता असा चेंडू सोडला किंवा चुकवला तर स्ट्राइक. तीन स्ट्राइक झाले की बाद. चेंडू बाहेरचा पडला तर बॉल. चार बॉल झाले की फलंदाज फुकटात पहिल्या बेसवर जातो. असे चार बेस फिरून परत आला की एक गुण. तीन गडी बाद झाले की पाळी प्रतिपक्षाकडे. दोन्ही बाजूंच्या अशा नऊ नऊ पाळ्या. बरोबरी राहिली तर बाराव्या पाळीपर्यंत खेळ चालतो. घड्याळाचा जाच नाही.

आजींचा एक कान तव्यावर, एक रेडिओवर. भिंतीवर एका खेळाडूचे जुने छायाचित्र होते. हा कोण, असे विचारले तर त्यांनी उलथने बाजूला ठेवले आणि दोन्ही हात पुसून सांगू लागल्या. भाचा मराठीत सांगत गेला.

त्याचे नाव साचिओ किनुगासा. आई जपानी, वडील अमेरिकेच्या सैन्यातले कृष्णवर्णीय. युद्धानंतरच्या जपानात अशा मुलांकडे समाज कोणत्या नजरेने पाही, हे आपल्या वाचकांना निराळे सांगायला नको. माणसाच्या जन्मावरून त्याची किंमत ठरवणारे डोळे सगळीकडे सारखेच. किनुगासा कार्पकडून खेळला. १९७० ते १९८७ या काळात तो सलग २२१५ सामने खेळला, एकही न चुकवता. अमेरिकेच्या लू गेरिगचा २१३० सामन्यांचा विक्रम त्याने १९८७ मध्ये मागे टाकला. १९७९ मध्ये चेंडू लागून त्याच्या खांद्याचे हाड मोडले, तरी दुसऱ्या दिवशी तो फलंदाजीला उभा राहिला. जपान सरकारने त्याला राष्ट्रीय सन्मान पुरस्कार दिला. २०१८ मध्ये तो गेला. आजी म्हणाल्या, "रोज कामावर येणारा माणूस होता." हजेरीपटावर आयुष्य काढलेल्या आमच्यासारख्या कारकुनाला याहून मोठे प्रशस्तिपत्र सुचणार नाही.

त्या रात्री कार्प हरला. आजींनी रेडिओ बंद केला, तवा घासला आणि म्हणाल्या, "उद्या आहेच."

दुसऱ्या दिवशी भाच्याने वरच्या मजल्यावरची तिकिटे मिळवली. ही जागा राखीव नसते, म्हणून दारे उघडताच जावे लागते. नवे मैदान २००९ मध्ये सुरू झाले. हिरोशिमा स्थानकापासून दहा मिनिटे चालत. वाट विचारावी लागत नाही, लाल टोप्यांच्या मागे जावे. मोटार कंपनीने पैसे देऊन मैदानाला स्वतःचे नाव दिले आहे, पण मालकी शहराची, आणि कागदोपत्री नाव आजही 'हिरोशिमा नागरिक मैदान' असेच आहे. त्याच्या उभारणीच्या वेळीही लोकांनी पुन्हा पिंपे ठेवून पैसे जमवले होते. सुमारे ३३ हजार माणसे मावतात. डाव्या बाजूची भिंत मुद्दाम मोकळी ठेवली आहे, त्यामुळे शेजारून धावणाऱ्या बुलेट ट्रेनमधल्या प्रवाशालाही क्षणभर हिरवे मैदान दिसते. तिकीट नसलेल्यालाही डोकावू द्यावे, ही कल्पना आम्हाला फार भावली.

फलकावर दिवे असतात. हिरवे बॉलचे, पिवळे स्ट्राइकचे, लाल बाद गड्यांचे. ते वाचता आले की भाषेची गरज उरत नाही. आपला संघ फलंदाजीला आला की ढोल आणि कर्णे वाजू लागतात. प्रत्येक खेळाडूचे वेगळे गाणे. लोक आळीपाळीने उठतात, बसतात. आमच्या सहचारिणीही गुडघेदुखी विसरून उठबशा काढू लागल्या! पण प्रतिपक्षाची पाळी आली की हाच जमाव ढोल खाली ठेवतो. आता गाण्याची पाळी त्यांची.

बायका-मुलींची गर्दी पुरुषांएवढीच. २०१४ च्या सुमारास या मुलींना 'कार्प जोशी' हे नाव सबंध जपानात पडले. आम्ही दचकलोच! पण जपानीत जोशी म्हणजे मुली, बायका. आमच्या शेजारी बसलेल्या बाई दिवसभर कारखान्यात काम करून थेट मैदानावर आल्या होत्या. आम्ही तिघांनी कार्प उदोन नावाच्या जाड शेवयांचे गरम वाडगे घेतले. जुन्या मैदानापासून चालत आलेला हा पदार्थ आहे. सामना संपल्यावर माणसे आपापला कचरा पिशवीत भरून निघाली.

कार्पला पहिले विजेतेपद मिळाले ते १९७५ मध्ये, म्हणजे पिंपे ठेवल्यानंतर चोवीस वर्षांनी. १९९१ नंतर तर पुन्हा पंचवीस वर्षे वाट पाहावी लागली, २०१६ पर्यंत. आज संघ ही एक कंपनी आहे आणि कारभार मोटार धंद्यातल्या मात्सुदा घराण्याकडे आहे, हे लपवण्याचे कारण नाही. पण "संघ कोणाचा?" असे आजींना विचारले होते, तेव्हा त्यांनी आपल्या छातीवर बोट ठेवले होते. त्यांच्या वडिलांनी पिंपात टाकलेल्या नाण्याची पावती कुठेच नाही, तरी हक्क पक्का आहे.

आपल्या वाचकांची मुले आता शिक्षणासाठी, नोकरीसाठी जपानपर्यंत जात आहेत. त्यांच्यासाठी दोन शब्द. तिकीट हवे तर हंगामाआधीच नजर ठेवा. कामाच्या दिवशी सामना बहुधा सायंकाळी ६ वाजता, शनिवार-रविवारी बहुधा दुपारी. तिकीट नसेल तर स्थानिक दूरदर्शन वाहिन्या आळीपाळीने सामने दाखवतात. खिशात मोबाइल असेल तर रादिको या अॅपवर आरसीसी केंद्र ऐकू येते. हिरोशिमात फुकट, जपानच्या इतर भागांत पैसे भरून. जपानबाहेर मात्र ते चालत नाही. यातले काहीच जमले नाही तर लाल पडदा लावलेले खाण्याचे दुकान शोधा आणि आत जाऊन बसा. कोणीतरी गुणसंख्या सांगेलच.

आता मनात काय आले ते. आमच्या वस्तीत मुलांचा एक कबड्डी संघ होता. बनियनवर नंबर रंगवून खेळणारी पोरे, पण तीन तालुक्यांत नाव होते. एका कारखानदाराची देणगी थांबली आणि खर्चाचा मेळ बसेना. मंडळाचे खजिनदार आम्हीच. बी.कॉम. झालेला माणूस म्हणून लोकांनी विश्वासाने वह्या दिल्या होत्या. आम्ही जमाखर्च मांडला, तूट दाखवली आणि बैठकीत सांगितले, "परवडत नाही." कोणी उलट बोलले नाही. संघ मोडला. हिशेब अचूक होता. पण आम्ही वस्तीत दारोदार गेलो नव्हतो, एक डबासुद्धा ठेवला नव्हता. लोकांना विचारायचेच राहून गेले होते. त्या पोरांपैकी काही आज नाक्यावर पत्ते कुटताना दिसतात, तेव्हा आम्ही मान खाली घालून जातो.

परत आल्यावर पेटीतून जुने पावतीपुस्तक काढले. निम्म्याहून अधिक पावत्या कोऱ्याच होत्या. सहचारिणींनी पिठाचा रिकामा डबा घासून पुसून पुढे ठेवला आणि त्यात पहिले दहा रुपये स्वतः टाकले. येत्या रविवारी सकाळी तो डबा घेऊन आम्ही उभयता पहिल्या गल्लीपासून निघणार आहोत. नाक्यावरच्या त्या मुलांनाही सोबत या म्हणून सांगितले आहे. दोघे येतो म्हणाले.