क्रमित जोड्या आणि तीन तुकोजीराव

आमचे शिक्षण हिंदी माध्यमातून झाले. तिथे आम्ही ज्याला ‘क्रमित युग्म’ म्हणत असू, तीच मराठीतली क्रमित जोडी. जोड्यांचा संच फलन आहे का, असे विचारले की बरीच मुले एखादे नाव दोनदा दिसताच ‘नाही’ लिहून मोकळी होतात. ते नाव कोणत्या जागी आले, हे आधी पाहावे.

आपल्या होळकरांचेच उदाहरण घेऊ. अपत्य आणि त्याची आई : (मालेराव, अहिल्याबाई), (मुक्ताबाई, अहिल्याबाई). दुसऱ्या जागी तेच नाव पुन्हा आले, तरी हे फलनच; कारण प्रत्येकाची आई एकच. जोड्या उलटवल्या, तर अहिल्याबाईंपुढे दोन नावे येतात. मग ते फलन नव्हे.

आता नाव आणि गादीवर येण्याचे वर्ष लिहू : (तुकोजीराव, १७९५), (तुकोजीराव, १८४४), (तुकोजीराव, १९०३). एका नावाला तीन उत्तरे! म्हणूनच इतिहासात पहिले, दुसरे, तिसरे तुकोजीराव असे लिहितात. तेवढ्याने प्रत्येकापुढे एकच वर्ष उरते.

शाळेतला रोल नंबर याच कामाचा. वर्गात एकाच नावाची दोन मुले असली, तरी एकाची मेहनत दुसऱ्याच्या नावावर जाता कामा नये. दोघांना सारखे गुण पडले तर बिघडत नाही. पण एका रोल नंबरापुढे गणिताचे दोन आकडे आले, तर निकाल कसा लावायचा?

पालकहो, नियम पाठ करून घेण्याआधी मुलांना घरातल्याच अशा जोड्या लिहायला सांगा.