घाटाच्या पायथ्याची गावे

नागपूरहून सावनेरमार्गे छिंदवाड्यास निघालेला प्रवासी सौंसर व रामाकोना मागे टाकतो, तोवर संत्र्यांच्या बागा व कपाशीची शेते त्याची सोबत करतात. पुढे सिल्लेवानीचा घाट लागतो. वळणे घेत गाडी वर चढते आणि उमरानाल्याकडे पोचताच हवा बदलते. छिंदवाडा सौंसरपेक्षा सुमारे ३०० मीटर उंच आहे. पांढुर्ण्याहून इटारसीकडे जाणारी आगगाडीही अशीच घाट चढून मुलताईच्या पठारावर पोचते. २०२३ साली झालेला पांढुर्णा जिल्हा, त्यात सौंसरही आले, सातपुड्याच्या या पायरीशीच वसलेला आहे.

ही पायरी कशी झाली? पृथ्वीच्या कवचास लांबच लांब भेगा पडतात. दोन भेगांमधील भाग खचला म्हणजे खचदरी होते. तो उंच राहिला तर गट पर्वत होतो. नर्मदा व तापी यांच्या खोऱ्यांमधील सातपुडा हा असाच गट पर्वत मानला जातो. सुमारे साडेसहा कोटी वर्षांपूर्वी या मुलखावर लाव्हाचे थर पसरले आणि पुढे ओढ्यानाल्यांनी ते कापून आजचे कडे कोरले. जुन्या भेगा अद्याप पुरत्या निजलेल्या नाहीत, हे २२ मे १९९७ च्या जबलपूरच्या भूकंपाने दाखवून दिले.

हीच क्रिया पूर्व आफ्रिकेत फार मोठ्या प्रमाणावर चालू आहे. तेथील खचदरी तीन हजार किलोमीटरांहून लांब असून तिच्या दोन बाजू दरवर्षी काही मिलिमीटर दूर सरकतात. केनियातील एल्गेयोचा कडा केरिओच्या खोऱ्यात हजार मीटरांहून अधिक खाली उतरतो. नैरोबीजवळच्या किकुयू कड्याशी तर आपल्या देशाचे नाते आहे. मोंबासाहून निघालेला लोहमार्ग १९०० च्या सुमारास तेथे पोचला, तेव्हा आरंभी डबे दोरांनी उतारावरून खाली सोडावे लागले. त्या लोहमार्गावर हिंदुस्थानातून नेलेले सुमारे ३२ हजार मजूर राबले. त्यांपैकी जवळजवळ अडीच हजार परत आलेच नाहीत.

याच कड्याच्या पायथ्याशी माई माहिऊ हे गाव आहे. २९ एप्रिल २०२४ च्या पहाटे, अतिवृष्टीने वरच्या बाजूस रेल्वेच्या भरावामागे पाणी तुंबले होते. खालची मोरी गाळाने व ओंडक्यांनी बुजलेली होती. भराव फुटला आणि झोपेत असलेल्या वस्तीवर पाण्याचा लोंढा कोसळला. चाळीसहून अधिक माणसे दगावली.

वाचकहो, आपला घाट त्या कड्याएवढा उंच नाही, हे खरे. परंतु पाण्याचा धर्म दोन्हीकडे एकच. वरच्या उतारावर झाडे असली तर पाऊस मुरतो, झरे टिकतात आणि जाम व कन्हान यांच्या काठच्या विहिरींना पाणी राहते. उतार उघडा पडला की तेच पाणी माती घेऊन धावत सुटते, मोऱ्या बुजवते, आणि उन्हाळ्यात आपल्या संत्राबागा कोरड्या ठेवते.

म्हणून मृग लागण्यापूर्वी प्रत्येक गावाने आपल्या वरच्या अंगाचा नाला व त्यावरील मोरी एकदा चालत जाऊन पाहावी, गाळ काढावा आणि उतारावरील झाड तोडण्याआधी खालच्या विहिरीची आठवण ठेवावी. कडा भूमीने उभारला; त्याच्या पायथ्याशी सुखाने नांदणे मात्र आपल्या हाती आहे.