चुना, देवी आणि गार

थंडी पडली की जळगावच्या बाजारात वांग्याला त्याच्या गावाच्या नावानं विचारतात. असोद्याचं आहे का? बामणोदचं आलं का? हिरवट अंगाचं, पांढऱ्या रेघांचं, हाताला भरणारं ते वांगं कपाशीच्या काड्यांवर भाजलं की त्याचा गर लोण्यासारखा सुटतो. असोदा म्हटलं की गिऱ्हाईक दुसरा प्रश्न विचारत नाही. गावाचं नाव हीच मालाची हमी. जळगावच्या भरीत वांग्याला 2016 साली भौगोलिक मानांकन मिळालं, तेव्हा बाजारात पिढ्यान्‌पिढ्या तोंडी चालत आलेली ही हमी सरकारी कागदावर उतरली.

जळगावचं नाव आणखी एका मालावर लिहिलेलं असतं, पण तो माल आपल्या बाजारात येत नाही. युरोप-अमेरिकेतल्या खनिजप्रेमींच्या घरांत आणि संग्रहालयांच्या काचेच्या कपाटांत खान्देशातले स्फटिक मांडलेले आहेत. प्रत्येकाखाली एक छोटी चिठ्ठी असते. पहिल्या ओळीत खनिजाचं नाव, दुसऱ्या ओळीत पत्ता: जळगाव, महाराष्ट्र, भारत. कुठे सावदाही लिहिलेलं सापडतं. आपण सावद्याला केळीचं गाव म्हणून ओळखतो. तिकडचा माणूस ते स्टिल्बाइटचं गाव म्हणून ओळखतो. त्या चिठ्ठीची दुसरी ओळ आपल्या रक्तातली आहे. पहिली ओळ मात्र आपल्याला वाचता येत नाही. मला ती वाचायची होती. दगड आपल्या विहिरीतला आणि त्याचं नाव आपल्या तोंडी नाही, हे मनाला टोचत राहायचं.

असोद्याच्या शिवारात उभं राहिलं तर दगड दिसत नाही. तापीच्या खोऱ्यातली काळी माती आणि तिच्याखाली नदीनं आणून टाकलेला गाळ खोलवर गेलेला. पण त्याच्याही तळाशी तोच काळा पाषाण आहे, जो दक्षिणेला अजिंठ्याच्या डोंगरात उभा राहिलेला दिसतो. सुमारे साडेसहा कोटी वर्षांपूर्वी इथे लाव्हाचे थरांवर थर वाहिले. थिजताना त्यातल्या वायूचे बुडबुडे आतच अडकले आणि दगडात पोकळ्या राहिल्या. पुढे कोमट-गरम पाणी त्या पोकळ्यांतून झिरपत राहिलं आणि विरघळलेलं द्रव्य भिंतींवर थर धरून बसत गेलं. आधी हिरवट मातकट लेप, मग गारेचा थर, मग ह्यूलँडाइट, स्टिल्बाइट, अपॉफिलाइट. अंधारात, कुणी बघणारं नसताना, मुठीएवढ्या जागेत एवढं देखणं काम चालू होतं. विहीर खणणारे या ठिपक्याठिपक्यांच्या खडकाला मांजऱ्या म्हणतात. पाणी कुठे लागेल याचा अंदाज बांधायला त्यांना ते नाव उपयोगी पडतं आणि त्यांच्या कामापुरतं ते चोख आहे.

चिठ्ठीवरची नावं उलगडू लागलो तेव्हा कळलं की त्यांत पांडित्य थोडं आणि बघणं पुष्कळ आहे. 1756 साली स्वीडनच्या अ‍ॅक्सेल क्रोनस्टेटनं एका दगडावर फुंकनळीनं ज्योत धरली. दगड तापताच फसफसला, त्यातून वाफ निघाली. त्यानं नाव दिलं झिओलाइट, उकळणारा दगड. फ्रान्सच्या रने-जुस्त आयुईला एका खनिजाचे पापुद्रे तापवल्यावर सुटताना दिसले. ते झालं अपॉफिलाइट, पानापानानं सुटणारं. स्टिल्बाइटची चकाकी डोळ्यांत भरली म्हणून ते चमकणारं. स्कोलेसाइटची काडी ज्योतीत अळीसारखी वळते, म्हणून तिला ग्रीक भाषेतल्या अळीचं नाव. ह्यूलँडाइट मात्र ह्यूलँड नावाच्या संग्राहकाच्या सन्मानार्थ, आणि मॉर्डेनाइट कॅनडातल्या मॉर्डेन गावावरून. म्हणजे कुणीतरी दगड हातात घेतला, तापवला, त्यानं काय केलं ते पाहिलं आणि जे पाहिलं तेच नाव म्हणून ठेवलं. परक्या भाषेतलं असलं तरी असं नाव परकं वाटत नाही. बघण्याला भाषेची अडचण नसते.

आणि क्रोनस्टेटनं पाहिलेली ती वाफ काय होती? दगडाच्या आतलं पाणी. झिओलाइटची घडणच अशी असते की तिच्यात बारीक वाटा असतात आणि त्या वाटांत पाणी राहतं. तापवलं की पाणी निघून जातं, पण घडण मोडत नाही. ओल मिळाली की ते पुन्हा भरून घेतं. मे महिन्यात पारा पंचेचाळिसाच्या पुढे सरकतो, विहिरींचा तळ दिसू लागतो, तेव्हा मला ही गोष्ट आठवते. ज्या भूमीत माणसं पाण्यासाठी खोल खोल खणत गेली, तिथल्या दगडानं लक्षावधी वर्षं पाणी पोटाशी धरलं आहे. उकळणारा दगड हे नाव आपल्या उन्हाळ्यात जितकं समजतं तितकं स्वीडनमध्येही समजत नसेल.

या सगळ्यांत एक नाव माझ्या मनात घर करून बसलं, ते दुर्मीळ खनिजाचं. पुण्याजवळच्या वाघोलीच्या खाणींतून निघालेलं कॅव्हन्साइट. पांढऱ्या स्टिल्बाइटवर टेकलेली निळीभोर, सुयासुयांची गोल फुलं. असा निळा रंग दगडात असू शकतो यावर एकदम विश्वास बसत नाही. ते पहिल्यांदा सापडलं अमेरिकेच्या ओरेगन राज्यात. खनिजतज्ज्ञांच्या आंतरराष्ट्रीय संघटनेनं 1967 साली त्याला मान्यता दिली, आणि स्टेपल्स, इव्हान्स व लिंडसे या तिघांनी 1973 साली त्याचं सविस्तर वर्णन छापलं. ओरेगनमध्ये मिळाले ते बारीकसे स्फटिक. त्याचं खरं वैभव जगानं पाहिलं ते वाघोलीला. आजही कॅव्हन्साइट म्हटलं की खनिज जमवणारा वाघोलीचं नाव घेतो, जसा आपल्याकडचा भरीत म्हटलं की असोद्याचं.

एवढ्या सुंदर वस्तूचं नाव मात्र अगदी रुक्ष. कॅल्शियम, व्हॅनेडियम आणि सिलिकेट या तीन शब्दांची सुरुवातीची अक्षरं जोडून ते बनवलं. आत काय आहे ते सांगितलं आणि थांबले. त्याच्याच घटकांचं, पण वेगळ्या बांधणीचं एक जुळं भावंड आहे. त्याचे जोडस्फटिक पंचकोनी दिसतात म्हणून ते पेंटॅगोनाइट. त्याला निदान आकाराचं नाव मिळालं. या निळ्या फुलाच्या वाट्याला नुसती सामानाची यादी आली.

ती यादी मी पुन्हा वाचली आणि तिचे तीन तुकडे तीन दिशांनी उघडले. कॅल्शियम आलं लॅटिनमधल्या चुन्याच्या शब्दावरून. तोच चुना, जो आपल्या भिंतींना आणि पानाला लागतो. सिलिकेटचं मूळ लॅटिनमधल्या गारेच्या शब्दात. तीच गार, जी शेतात नांगराला लागते आणि लहान मुलं अंधारात एकमेकींवर घासून ठिणगी पाहतात. आणि मधलं व्हॅनेडियम? 1830 साली स्वीडनच्या नील्स सेफस्ट्रॉमनं ते नाव ठेवलं व्हॅनाडिस या नॉर्स देवीवरून. या मूलद्रव्याची संयुगं इतक्या सुंदर रंगांची होती की त्याला सौंदर्याची देवीच आठवली. कॅव्हन्साइटचा निळा रंग येतो तो या व्हॅनेडियममुळेच. म्हणजे यादी रुक्ष नव्हतीच. एका बाजूला चुना, दुसऱ्या बाजूला गार, मध्ये देवी. जगातला सगळ्यात साधा माल, आणि त्याच्या मधोमध रंगाचं कारण. ज्यांनी अक्षरं जोडली त्यांनी आपल्या पदरचं काहीच घातलं नाही, म्हणूनच हे सगळं त्यात शाबूत राहिलं.

नाव कसं असावं याचा विचार करताना मला असोद्याचीच आठवण होते, कारण हा विचार फार कडकपणे केलेली बाई त्या गावची. बहिणाबाई चौधरी 1880 साली असोद्याच्या महाजनांच्या घरी जन्मल्या, लग्न होऊन जळगावला आल्या, शेतात राबल्या. अक्षरओळख नव्हती. जात्यावर, शेतात, लेवा गणबोलीत सुचेल ते म्हणत गेल्या, आणि मुलानं, सोपानदेवांनी, टिपून ठेवलं म्हणून ते उरलं. 1951 साली बहिणाबाई गेल्या, आणि 1952 साली आचार्य अत्र्यांच्या प्रस्तावनेसह त्यांची गाणी महाराष्ट्रापुढे आली. कशाला काय म्हणू नये हे सांगणारं एक गाणं त्यांत आहे. वस्तूनं आपल्या नावाचं काम केलं नाही तर ते नाव तिला शोभत नाही, असा त्याचा रोख. नाव जन्मानं मिळत असेल, पण राखावं लागतं ते गुणानं. शेतात आणि घरात रोज हाताखालून जाणाऱ्या वस्तू बहिणाबाईंनी या कसोटीला लावल्या.

खनिजशास्त्राची कसोटीही हीच आहे. 1831 साली पुण्याच्या परिसरातल्या एका खनिजाला पूनालाइट असं नाव दिलं गेलं होतं. पुढे ते आधीच ठाऊक असलेलं खनिज निघालं, आणि पुण्याचं नाव यादीतून गेलं. वाईट वाटतं, पण न्याय बरोबर आहे. व्हॅनेडियम तर सेफस्ट्रॉमच्याही आधी, 1801 साली, मेक्सिकोत देल रीओ यांना सापडलं होतं. ते क्रोमियमच आहे असं इतरांनी सांगितलं, आणि त्यांनी आपला दावा मागे घेतला. त्यांनी दिलेलं नावही मागे पडलं. जळगावच्या चिठ्ठ्यांवरचं अपॉफिलाइटही या कसोटीतून सुटलेलं नाही. त्यातल्या फ्लोरिनवाल्या प्रकाराचं नाव 2008 साली बदललं आणि 2013 साली जुन्या वळणावर परत आणलं. शोधणाऱ्यानं खनिजाला स्वतःचं नाव द्यायचं नाही, हाही तिथला दंडक. नाव हा मालकीचा शिक्का नव्हे. बघितलेल्या गोष्टीशी इमान राखायचं, एवढाच त्याचा अर्थ.

मग आपण काय बघितलं? बघितलं, नाही असं नाही. अजिंठ्याच्या चित्रकारांनी डोंगरातली हिरवी माती उचलली आणि भिंतींवर झाडं, पानं रंगवली. पोकळ्यांच्या भिंतींवर पहिला बसणारा लेप तो हाच. त्याला आज सेलॅडोनाइट म्हणतात. निळ्यासाठी लाजवर्द अफगाणिस्तानाकडून आणावा लागला, पण हिरवा घरचा होता. सिन्नरजवळ माळेगावला के. सी. पांडे यांनी खनिजांचं संग्रहालय उभारलं आणि त्याला नाव दिलं गारगोटी. पोराटोरांच्या खिशातला शब्द एवढ्या मोठ्या दारावर पाहून मला मनापासून आनंद झाला. मराठी विश्वकोशात झिओलाइटांची नोंद आहे. बघणारे होते आणि आहेत. फक्त विहिरीपासून विश्वकोशापर्यंतची वाट वर्दळीची झालेली नाही.

खदानीत सुरुंग उडतो तेव्हा काळा दगड फुटतो आणि त्याबरोबर पोकळ्याही फुटतात. दगड क्रशरमध्ये जातो, खडी होते, रस्ता होतो. रस्ता हवाच, खडी फोडणाऱ्या हातांची त्यावर चूल पेटते. पण त्याच हातांना आधी चकाकी दिसते, हेही खरं. एखादा पोकळीचा तुकडा बाजूला काढून, चिंधीत गुंडाळून ठेवणारा मजूरच या सगळ्या कपाटांतला पहिला संग्राहक असतो. चिठ्ठीवर त्याचं नाव नसतं. ज्यानं पहिल्यांदा बघितलं त्याची नोंद नाही, ही त्या नेटक्या चिठ्ठीतली मोठी उणीव मला वाटते.

म्हणून मला वाटतं, खान्देशातल्या प्रत्येक गावच्या शाळेत एक फळी असावी. गावात विहीर खणली, खदान खोलली, की निघालेला एक तरी दगड तिथे यावा. खाली चिठ्ठी मुलांनीच लिहावी. पहिल्या ओळीत जगानं दिलेलं नाव, त्याच्या अर्थासकट: चमकणारा, पानापानानं सुटणारा, उकळणारा. दुसऱ्या ओळीत गाव आणि किती हातांवर लागला ते. तिसऱ्या ओळीत ज्यानं खणून काढला त्या माणसाचं नाव. आणि चौथी ओळ मुलांची: दगड हातात घेऊन, उलटसुलट फिरवून, उन्हात धरून जे दिसलं ते त्यांच्या बोलीत. असोद्याच्या मुलांना तर हे सांगावंही लागू नये. वस्तूकडे नीट पाहिल्याशिवाय तिचं नाव घ्यायचं नाही, हा धडा त्यांच्या गावच्या लेकीनंच घालून दिला आहे.